बहिऱ्या घळीतली कपार

ऑरिन लेविटनं तीस वर्षं अमेरिकेतल्या दक्षिण युटात शाळेची बस चालवली, पण खिडकीबाहेरच्या लाल कड्यांकडे कधी धड मान वळवून पाहिलं नाही. जुनिपरचं झाड कुठलं आणि पिन्यॉनचं कुठलं, हे त्याला वयाच्या बासष्टाव्या वर्षी कळलं. तेही मुलगी हरवली म्हणून.

लिनेट एका जुलैत एकटीच दरीत उतरली आणि परत आली नाही. तिची गाडी रस्त्याच्या टोकाला सापडली. अकरा दिवस माणसं, कुत्री, हेलिकॉप्टर सगळं झालं. दहाव्या दिवशी वरच्या पठारावर पाऊस कोसळला, लाल गढूळ लोंढा सगळ्या घळी धुऊन नदीला गेला आणि अकराव्या दिवशी शेरीफनं टोपी काढून ऑरिनच्या बायकोचा, डेल्फाचा, हात हातात घेतला. "वहिनी, ती पडली त्याच क्षणी गेली असणार. तिला काही कळलंसुद्धा नसेल." डेल्फानं ते वाक्य उराशी धरलं. त्याच्या आधारानं ती पुन्हा झोपायला लागली, चर्चमध्ये जायला लागली, वाफ्यात टोमॅटो लावायला लागली.

ऑरिनला मात्र घरात बसवेना. दर वसंतात आणि दर शरदात तो पाठीवर पाणी बांधून दरीत उतरायचा. पांढरं काही दिसलं की लेकीचंच वाटायचं, म्हणून आधी हाडं ओळखायला शिकला: हे हरणाचं, हे डोंगरी मेंढ्याचं, हे कुणाच्या तरी चुकलेल्या वासराचं. कावळे कशावर घिरट्या घालतात ते शिकला. खडकातल्या कुठल्या डबक्यात पाणी टिकतं ते शिकला, आणि त्या डबक्यातले नखाएवढे झिंगे वर्षानुवर्षं कोरड्या मातीत पडून राहतात आणि पाऊस पडला की वळवळायला लागतात, हे पहिल्यांदा पाहिलं तेव्हा तो तिथंच बसून ढसाढसा रडला होता. पुढं पुढं तो नुसता पाहत बसू लागला. कड्यावरची काळसर झिलई, दगडावरची पिवळी-हिरवी दगडफुलं, वाळूत गोठून दगड झालेल्या जुन्या लाटा. ते सगळं त्याला आवडायला लागलं आणि आवडतं म्हणून त्याला स्वतःची लाज वाटायची. सहा वर्षांत अशी गत झाली की विद्यापीठातली शिकलीसवरलेली माणसं वाट विचारायला त्याच्या दारात यायला लागली.

रोझलिन त्सो त्यांतलीच. पलीकडच्या नावाहो आदिवासींच्या मुलखातली, पस्तिशीची, दणकट आणि तोंडाळ. सौदागर उंदराची घरटी हा तिचा अभ्यास. हा उंदीर दिसेल ते उचलून बिळात नेतो, काड्या, काटे, हाडं, आणि तोंडातली वस्तू टाकून दुसरी चमकती उचलतो, म्हणून त्याचं हे नाव. त्याचं मूत ढिगाऱ्यावर वाळून डांबरासारखं घट्ट होतं. पिढ्यान्‌पिढ्या तीच जागा. तीस हजार वर्षांपूर्वी इथं कुठली झाडं होती, हे रोझलिन त्या डांबरातून वाचायची.

त्या ऑक्टोबरात दोघं बहिऱ्या घळीच्या माथ्यावर उभे होते. घळ इतकी अरुंद आणि वळणांची, की तोंडाशी कितीही ओरडा, आत हाक पोचायची नाही आणि आतला आवाज बाहेर यायचा नाही. नाव त्यावरूनच पडलेलं.

"आजोबा, ती काळी चकाकी दिसते का? त्या कपारीत?" रोझलिननं दुर्बीण त्याच्या हातात दिली. "जुनं घरटंही आहे आणि वर आत्ताचंही. मला दोन्ही हवेत."

"खालून ती कपार दिसतच नाही. मी दोनदा तळातून गेलोय."

"म्हणून तर सोबत मी हवी. नाहीतर मटणाची पोळी खायला कोण देणार तुम्हाला? तुमच्या त्या टर्कीच्या सँडविचला चव ना ढव."

"पोरी, आधी दोर बांध. जिभेनं कुणी खाली उतरत नाही."

रोझलिननं जुनिपरच्या बुंध्याला दोर बांधला आणि दोघं गुळगुळीत उतारावरून घसरत कपारीवर आले. दोराशिवाय तिथं घसरून येता आलं असतं, वर चढणं शक्य नव्हतं. ऑरिनच्या ते ध्यानात आलं, पण त्यानं विचार पुढं जाऊ दिला नाही.

रोझलिन घरट्यापाशी पोटावर आडवी झाली आणि चिमट्यानं एकेक वस्तू काढायला लागली. निवडुंगाचा काटा. सरड्याचा जबडा. पिन्यॉनचं बोंड. मग तिचा हात थांबला.

"आजोबा," ती हळूच म्हणाली. "हे... हे बघा जरा."

नारिंगी प्लॅस्टिकची शिट्टी होती. तुटलेल्या कडीच्या जागी तांब्याच्या तारेचे तीन वेढे. ते वेढे ऑरिननं पकडीनं स्वतः आवळले होते, गॅरेजमध्ये, लिनेट शेजारी उभी राहून हसत असताना. 'कुठं अडकलीस तर तीनदा फुंकायची. मी येतो.'

त्यानं ती चिमट्यातून काढून तळहातावर घेतली. रोझलिनला त्याच्या लेकीची गोष्ट ठाऊक होती.

"उंदीर कुठूनही आणतो ना?" तारेच्या वेढ्यांवरून अंगठा फिरवत त्यानं विचारलं.

रोझलिननं मान खाली घातली. "नाही. शंभर पावलांच्या आतलंच. तुम्हाला माहीत आहे."

कपार चाळीस पावलांची. वळणापलीकडे दोन दगडी बांध होते, गुडघ्याएवढे, मध्ये एका माणसाला आडवं होता येईल एवढी जागा.

"जुनेही असतील," रोझलिन घाईनं म्हणाली. "हजार वर्षांपूर्वीचे लोक धान्य ठेवायला असलंच—"

ऑरिननं वरचा दगड उचलून उलटा केला. उजेडातच वाढणारं दगडफूल खालच्या बाजूला होतं, मेलेलं, करडं पडलेलं. वरची बाजू कोरी, झिलई नसलेली. हा दगड पाच-सहा वर्षांपूर्वी कुणीतरी उपटून उलटा ठेवला होता. असे सगळेच. त्यानं सूर्याकडे पाहिलं. एक बांध सकाळचं ऊन अडवायला, दुसरा दुपारनंतरचं. पहिल्या दिवशी दुसरा बांधायचं कुणाला सुचत नाही. दोन-तीन दिवस भाजून निघाल्यावर सुचतं.

कपारीच्या टोकाला खाली जाणारी एक उभी भेग होती. शेवटी ती तिथून उतरायला गेली असणार. पुढचं सगळं लोंढ्यानं धुऊन नेलं.

ऑरिन बांधाशेजारी बसला.

"तिसऱ्या दिवशी आम्ही या घळीच्या तोंडाशी होतो," तो म्हणाला. "वीस माणसं. नकाशावाल्या पोरानं विचारलं, आत बघायचं का? मी म्हटलं, नको. अरुंद जागेत माझ्या लेकीचा जीव घाबरतो, ती इथं पाऊल टाकायची नाही. मी तिचा बाप आहे, मला ठाऊक आहे. आणि आम्ही पश्चिमेला गेलो."

"आजोबा..."

"वरून आली असेल, पोरी. घळीच्या तोंडातून नव्हे, वरून. मी फक्त तोंडाकडेच बघत राहिलो. ती तीनदा फुंकत असणार. रोज."

रोझलिन त्याच्या शेजारी बसली. 

मग ऑरिन उठला आणि बांध मोडायला लागला. एकेक दगड उचलायचा, दगडफुलाची बाजू वर करायची, दूर नेऊन ठेवायचा.

"हे काय करताय? शेरीफला सांगायला हवं!"

"शेरीफ डेल्फाला सांगेल."

"पण तिला कळायला नको?"

"तिची पोर त्याच क्षणी गेली आहे," ऑरिन म्हणाला. "माझी गेली नाही. माझी इथं दगड रचत बसली होती. दोघांनी कशाला बघायचं?"

रोझलिन चिडली. तिचे डोळे भरून आले होते. "मला खोटं लिहायला लावू नका, आजोबा. माझ्या वहीत सगळं लिहावं लागतं."

"मग नको लिहूस काही."

ती पाठ फिरवून घरट्यापाशी गेली. मागं दगडावर दगड ठेवल्याचा आवाज येत होता. शेवटी तिनं पिशवीतून नमुन्याची डबी काढली, काटे, जबडा, बोंड सगळं परत घरट्यात ओतलं, आणि पसरलेला तळवा ऑरिनसमोर धरला. त्यानं शिट्टी तिच्या हातावर ठेवली. तिनं ती आत, हात पोचेल तितकी आत सारली.

"या कपारीत मी आलेच नाही," ती म्हणाली. ट्रकशी पोचल्यावर तिनं त्याचा हात दाबला आणि निघून गेली. त्यानंतर ती वाट विचारायला आली नाही.

ऑरिन घरी आला तेव्हा डेल्फा मक्याचा ब्रेड कापत होती. तिनं त्याच्या सोललेल्या बोटांकडे पाहिलं.

"हे काय करून घेतलंस?"

"दगड लागले."

तो खुर्चीत बसला, बूट काढले आणि म्हणाला, "डेल्फा, आता मी नाही जाणार."

सुरी थांबली. "कुठं?"

"दरीत. पुरे झालं."

डेल्फानं सुरी खाली ठेवली. मग हात पुसत आली आणि त्याचं डोकं पोटाशी धरून रडायला लागली. हुंदक्यांतूनच हसत म्हणाली, "सहा वर्षं मी रोज हेच मागत होते रे. रोज. देवानं ऐकलं माझं."

तिनं हिवाळ्यासाठी भरलेली पीचची बरणी उघडली, बहिणीला फोन करून बातमी दिली, ताट वाढलं, आणि समोर बसून म्हणाली, "खा ना. आज पोटभर खा."

ऑरिननं चमचा उचलला आणि तिच्या डोळ्यांदेखत सगळं संपवलं.