झाशीचे मोटाभाई

सरलाबाई मुळ्ये गुजरातीतल्या मोठ्या लेखिका आहेत, हे झाशीतल्या समस्त मराठी माणसांना ठाऊक होतं आणि त्यांची एक ओळसुद्धा कुणी वाचलेली नव्हती. मोठेपणा टिकायला याहून चांगली सोय नाही. लग्न होऊन बाई बडोद्याला गेल्या, नळाला पाणी येत नाही म्हणून तिथल्या एका दैनिकाला तक्रारीचं पत्र लिहिलं, संपादकाला तक्रारीपेक्षा पत्र आवडलं, आणि पुढची एकतीस वर्षं बाई दर रविवारी छापून येत राहिल्या. बातम्या दिल्या, पुढाऱ्यांच्या मुलाखती घेतल्या, दोन पुरस्कारही घेतले. पाण्याचं मात्र शेवटपर्यंत जमलं नाही.

नवरा गेला, मूलबाळ नव्हतं, गुडघे कुरकुरायला लागले. मग दोन वर्षांपूर्वी बडोद्याचं बिऱ्हाड मोडून बाई झाशीत दतिया गेटला थोरल्या भावाकडे राहायला आल्या. भाऊ नीलकंठ खेर, रेल्वेतून हेडक्लार्क होऊन निवृत्त झालेला. त्याने आणि इंदुमतीवहिनींनी वरची हवेशीर खोली रिकामी करून दिली. "आता कुठे हलायचं नाही सरे, ये तेराही घर है," दादा म्हणाला, आणि बाईंच्या डोळ्यांत खरंच पाणी आलं. जगात जायला दुसरं घर उरलं नव्हतं.

आता खरी गोम सांगते. बाईंना ज्या सदराने नाव दिलं, त्या सदराचं नावच होतं 'झाशीचे मोटाभाई'. मोटाभाई म्हणजे गुजरातीत थोरला भाऊ. दर दिवाळीला बाई आठ दिवस माहेरी यायच्या, वर्षभराचा दारूगोळा भरून न्यायच्या आणि दर रविवारी थोडा थोडा उडवायच्या. दादाचा चिक्कूपणा, दादाचा कोट, दादाच्या बढाया, सगळं बडोदा-सुरतेत घरोघरी चहाबरोबर वाचलं जाई. नाव बदलायची तसदीसुद्धा बाईंनी घेतली नव्हती. झाशीत कोण मेलं गुजराती वाचतंय?

तर झालं असं, की मराठी मंडळाने बाईंचा सत्कार ठरवला. मंडळाचे सचिव श्रीकृष्ण लघाटे बावीस वर्षं सचिव होते आणि दरवर्षी कुणाचा तरी सत्कार केल्याशिवाय त्यांना अन्न गोड लागत नसे. झाशीतले पात्र लोक आता संपत आले होते. इथल्या प्रत्येक मराठी घराचा मूळपुरुष म्हणे दरबारात कारभारी नाहीतर पुरोहित होता. खुद्द बाईंनीच एकदा लिहिलं होतं, की हे सगळं खरं धरलं तर त्या काळी किल्ल्यात शिपाई चार आणि कारकून चारशे असले पाहिजेत.

"आणि ऐका खेरसाहेब," लघाटे म्हणाले, "छावणीत सुभेदारांच्या मिसेस आल्यात, कल्याणी जगदाळे. आधी सहा वर्षं जामनगरला होत्या. गुजराती फर्राटे से वाचतात. त्या ताईंचा एक लेख वाचून मराठीत सांगतील."

बाईंनी घाईघाईने शहराच्या कचऱ्यावरचा एक निरुपद्रवी लेख काढून ठेवला. पण दादाला कुठला धीर? सत्काराच्या आदल्या दिवशी तो स्वतः, कोट घालून, कात्रणांची जाड बांधीव वही लघाट्यांच्या घरी पोचवून आला. "झाशीबद्दल काहीतरी निवडा भैया, लोकांना आपलं वाटेल," असंही सांगून आला. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच, फक्त अवलक्षण दोघांचं होतं.

रविवारी सकाळी बाई मंचावर बसल्या त्या पोलीस ठाण्यात बसल्यासारख्या. गळ्यात हार, मांडीवर नारळ आणि डोक्यात एकच विचार, की संध्याकाळी सामान बांधून जायचं कुठे. कल्याणी उभी राहिली. साताऱ्याकडची ठसठशीत बाई, आवाज कवायतीचा. "मी जसंच्या तसं सांगते बरं का," ती म्हणाली आणि सांगायलाच लागली.

लेख कूलरवरचा होता; त्या साली बाई उन्हाळ्यातही एकदा येऊन गेल्या होत्या. मे महिन्यात मोटाभाईंनी कूलर घेतला, पण लावायचे नाहीत. खिडकीशी कान देऊन बसायचे. फाटकाची कडी वाजली रे वाजली, की कूलर चालू. पाहुणा आत येऊन म्हणायचा, वा, काय गारवा. पाहुणा निघाला आणि चप्पल घालायला वाकला, की कूलर बंद. 'मोटाभाई कूलर लावत नाहीत, कूलर दाखवतात,' कल्याणीने वाक्य ठासून म्हटलं आणि सभागृह हसून लोळायचं बाकी राहिलं. यातल्या निम्म्या लोकांनी तो गारवा खाल्लेला होता.

बाईंनी डोळे मिटून घेतले. उघडले तेव्हा दादा पहिल्या रांगेतून उठून लोकांकडे तोंड करून उभा होता.

"मोटाभाई म्हणजे मी," तो म्हणाला. छाती अशी पुढे, की कोटाचं बटण ताणलं. "एकतीस वर्षं. पूर्ण गुजरातेत. हर रविवार."

टाळ्या वाजल्या. चिडणं राहिलं बाजूला, दादा येईल त्याच्याशी हात मिळवत सुटला. नाकाला मिरच्या झोंबल्या त्या लघाट्यांच्या. समारोपात ते म्हणाले, "ताईंचं लेखन थोर आहे, पण एक खंत आहे. बावीस वर्षं मी सचिव आहे आणि एकतीस वर्षांत मंडळाचा उल्लेख नसावा?" आपण वगळले गेलो ही तक्रार पुढे जेवणाच्या पंगतीत आणखी तिघांनी केली. एकाने तर आपला कंजूसपणा दादापेक्षा जुना असल्याचे दाखलेही दिले.

बाई हलक्या झाल्या. वाचले ग बाई, म्हणत दुपारी घरी येऊन आडव्या होणार, तेवढ्यात वहिनी वर आल्या. इंदुमतीवहिनी कधी वर येत नसत. हातात ती बांधीव वही होती.

"वन्सं, एक विचारू?" त्या पलंगाच्या कडेला टेकल्या. "मी कुठे आहे यात?"

"म्हणजे काय वहिनी?"

"कल्याणीताईंना मी जेवताना विचारलं. त्यांनी आज वाचायला म्हणून सगळी वही चाळली होती. म्हणाल्या, मोटाभाई आहेत, सासरे आहेत, दूधवाला आहे, शेजारचा कुत्रासुद्धा आहे. तुमचं नाही दिसलं कुठे." वहिनींचा आवाज चढला नव्हता. "दर दिवाळीला आठ दिवस तुम्ही माझ्या हातचं जेवलात. म्हटलं, राहिलं असेल त्यांच्या नजरेतून, तुम्हांलाच विचारावं."

सरलाबाईंनी मंत्र्यांना घाम फोडलेला होता, पण आता घाम त्यांना फुटला. "आहात की," त्या पटकन बोलून गेल्या. "एका लेखात भरपूर आहात."

"वाचा मग."

बाईंनी वही उघडली, मध्येच एका पानावर बोट ठेवलं आणि वाचायला लागल्या, म्हणजे रचायला लागल्या. मोटाभाईंच्या घरात एक माउली आहे. ती पहाटे उठते. ती स्वतःसाठी काही मागत नाही. घराचा ती कणा आहे, ती अन्नपूर्णा आहे. बाई सांगत होत्या आणि त्यांना स्वतःलाच लाज वाटत होती. फाटकाची कडी, कोटाचं बटण, कुत्र्याचं शेपूट टिपणाऱ्या बाईला या एका माणसाचं सांगण्यासारखं काहीच आठवत नव्हतं. वहिनींना काय आवडतं, कशाचं हसू येतं, रागावल्या तर काय करतात, कशाचाच पत्ता नव्हता.

"वन्सं," वहिनींनी मध्येच पानावर हात ठेवला. "गुजराती नाही मला येत. पण या पानावर म्हशीचा फोटो आहे."

खरंच होता. खड्ड्यात साचलेल्या पाण्यात म्हैस बसली होती, खालच्या मजकुरात रस्त्यांची दुर्दशा होती.

बाईंनी वही मिटली. आपल्याला आता या घरातून कुणी काढणार नाही, हे त्यांना कळत होतं, आणि तेच सोसवत नव्हतं. काढलं असतं तर बरं, असं वाटून गेलं. "चुकलं वहिनी माझं," त्या म्हणाल्या. "फार चुकलं. मी लिहिते. आत्ताच लिहिते, मराठीत, तुम्हांला वाचता येईल असं."

"माउली नको," वहिनी म्हणाल्या. "तसलं महिला दिनाला पुष्कळ ऐकते मी."

बाईंनी कोरा कागद घेतला, चष्मा लावला. मुलाखतीची सवय जुनी, पहिला प्रश्न नेहमी सोपा विचारायचा. खेरांच्या घरात सून आली की नाव बदलायचं, इंदुमती हे सासरचं नाव, एवढं तरी बाईंना माहीत होतं. म्हणून त्यांनी तिथूनच सुरुवात केली.

"वहिनी, तुमचं माहेरचं नाव काय?"

"लग्नात ते पुसून ताटातल्या तांदळात नवं नाव लिहिलं, तेव्हा ताट तुम्हीच धरलं होतंत, वन्सं," वहिनी म्हणाल्या. मग त्यांनी नाव सांगितलं, स्वाती, आणि सरलाबाईंनी ते लिहून घेतलं.