चाळीस मिनिटं

पंप बनवणाऱ्या एका कंपनीने सुरू केलेल्या आंतरराष्ट्रीय जॅझ महोत्सवाला पंचवीस वर्षं झाली, म्हणून कंपनी त्याचा इतिहास छापणार होती. तो लिहिणारी दीपमाला शेंद्र्याच्या कारखान्यातून मजीद मास्तरांकडे आली आणि तिने पहिल्या वर्षाची ओळ वाचून दाखवली.

"परदेशी पाहुणे ऐनवेळी आजारी पडल्याने एका स्थानिक कलाकाराने सॅक्सोफोनवर चाळीस मिनिटं मुक्त चिंतन सादर केलं."

लग्नाच्या बँडमध्ये हयात घालवलेल्या मास्तरांना एवढंच हवं होतं, की त्या ओळीत आपलं नाव यावं.

"चिंतन-बिंतन काय नाय, बेटा. वरातीत नवरदेव घोड्यावरून उतरेपर्यंत थांबायचं नसतं. स्टेजवर घोडाच नव्हता, मग थांबणार कधी?"

"कुणी खूण नाही केली?"

"जॅझमध्ये ढोल नको म्हणाले, म्हणून खूण करायचं काम आमच्या ढोलवाल्या पुंजारामला दिलेलं. मोठे साहेब शाल-श्रीफळ धरून अवघडले, अन् हा गडी डोळे मिटून बसलेला! नंतर लई शिव्या घातल्या. तर म्हणतो, 'मास्तर, वीस वर्षं तुमच्या शेजारी वाजवतोय, तुम्हाला ऐकलं आजच.'"

पुंजारामला जाऊन आता सहा वर्षं झाली होती.

दीपमालाने 'स्थानिक कलाकार' खोडून 'मजीद मास्तर' लिहिलं.

"त्याचं बी नाव टाक."

"जागा एका ओळीचीच आहे हो."

"मग माझ्यातलं 'मास्तर' काढ," ते म्हणाले. "तेवढ्यात बसतो तो."