चाल कुणाची

"पारंपरिक?" शीलाने पेटीवरचा हात उचलला. "अगं सोनल, मी अजून जिवंत आहे!"

सौदीतल्या अल-खोबरच्या फ्लॅटमध्ये मराठी मंडळाची तालीम चालली होती. निवेदन करणारी सोनल कागद वाचता वाचता अडखळली. "म्हणजे काय, काकू? पाणवठ्याच्या गाण्याची चाल पारंपरिकच आहे ना? सगळे तसंच लिहितात."

"लिहितात, कारण निर्मात्याने तसं छापलं. हे गाणं ज्या सिनेमातलं, त्यात नायिका मी होते आणि पेटीवर बसून चाल बांधली तीही मीच. तो म्हणाला, 'बाई, नटीने नाचावं. संगीताला तुमचं नाव टाकलं तर लोक हसतील.'"

शीला कारखानीस या नावाने तिने पाच-सहा सिनेमे केले होते. मग डॉक्टर श्यामकांत टिपणिसांशी लग्न झालं आणि त्यांच्या दम्मामच्या नोकरीपाठोपाठ ती इकडे आली. वर्षानुवर्षं इथे जाहीर गाण्याबजावण्याला बंदी, त्यामुळे गाणं म्हणजे खिडक्या लावून, पडदे ओढून, दबक्या आवाजात. शेजारच्या नबीलाने बेल वाजवली तरी पेटी पलंगाखाली जायची. आता कुठे दिवस पालटले होते. मंडळाचा कार्यक्रम पहिल्यांदाच हॉलमध्ये, उघडपणे, माइक लावून होणार होता. मधल्या काळात तिकडे महाराष्ट्रात ते गाणं हळदीकुंकवापासून शाळांच्या गॅदरिंगपर्यंत पोचलं. पोर नावारूपाला आलं, पण त्याची आई कोण हे कुणी विचारलं नाही.

"आजी, मग सांग ना," गाणारी तन्वी म्हणाली, "सेकंड लाइननंतर आपण स्टॉप का करतो? टीचर म्हणाली, ट्रॅडिशन आहे."

"कसली डोंबलाची ट्रॅडिशन! तिथे मला भरलेली घागर डोक्यावर चढवायची होती. तालमीत गात गात उचलली की दम लागायचा, शॉट वायाच गेला असता. म्हणून मी चालीतच थांबायला जागा केली."

"ओ माय गॉड! म्हणजे सगळे तुझ्या घागरीसाठी थांबतात?"

मंडळाचा अध्यक्ष जयदीप मात्र हसला नाही. "काकू, पुरावा काय पण? पहिलाच प्रोग्राम आहे, वाद नको. हवं तर तुमचा सत्कार करू, डॉक्टरांच्या मिसेस म्हणून."

"सत्कार ठेव तुझ्याकडे. मला नाव हवंय."

घरी श्यामकांतही म्हणाले, "जाऊ दे गं. आता या वयात कशाला?"

"अहो, मग कुठल्या वयात?" शीला कडाडली.

कार्यक्रमाला हॉल गच्च भरला. सोनलने एकदा जयदीपकडे पाहिलं आणि मान खाली घालून वाचलं, "चाल, पारंपरिक."

तन्वीने श्वास घेतला, पण पेटी वाजलीच नाही. शीलाने भात्याची कडी लावून टाकली होती.

"काकू, यल्ला, चला लवकर!" जयदीप विंगेतून कुजबुजला. "लोक बघतायत."

"बघू देत. आधी नाव घ्या, मग वाजवते."

माइक तिच्या पुढ्यातच होता, त्यामुळे ते सगळ्या हॉलने ऐकलं. कुणीतरी खाकरलं. इतकी वर्षं मूग गिळून बसलेली बाई आता मांडी ठोकून बसली होती, ती हलणार नव्हती. तेवढ्यात पहिल्या रांगेत श्यामकांत उठले. झालं, आता हे सगळ्यांदेखत 'जाऊ दे' म्हणणार, असं तिला वाटलं. त्यांनी नुसती हाताची घडी घातली आणि ते तसेच उभे राहिले. मागच्यांनी "बसा, बसा" केलं तरी बसेनात.

सोनलने कागद मिटला. "संगीत," ती म्हणाली, "शीला कारखानीस."

"पुन्हा म्हण," शीला म्हणाली. "ऐकू नाही आलं."

सोनलने पुन्हा म्हटलं, चांगलं खणखणीत.

ऐकू तर शीलाला पहिल्याच वेळी स्वच्छ आलं होतं. तिने डोळे पुसले नाहीत. पदर सावरला आणि भाता उघडला.