घरी वापरात असलेली वस्तू

महागाई निर्देशांकाच्या त्या कचेरीत एक रीत होती, आणि ती कुठल्याही नियमावलीत लिहिलेली नव्हती. एखादी वस्तू ज्याच्या घरी वापरात असेल, त्याने त्या वस्तूचा निवाडा करायचा नाही. फाईल गुपचूप शेजारच्या टेबलावर सरकवायची.

निवाडा लागे तो वस्तू बदलली की. दर महिन्याला त्याच दुकानांत जाऊन त्याच वस्तूंचे भाव टिपून आणायचे, इतकं काम सोपं होतं. पण वस्तू काही जागच्या जागी थांबत नाहीत. मागच्या महिन्यातली साधी इस्त्री या महिन्यात मिळेनाशी होते, तिच्या जागी वाफेची येते, दीडपट किमतीला. मग त्या वाढीव किमतीत महागाई किती आणि वाफ किती, हे कुणीतरी ठरवावं लागतं. चपला-बुटांचे भाव सांभाळणाऱ्या बाईंनी, ज्यांना सगळे जोडेवाली म्हणत, एकदा पंख्यांचा निवाडा केला होता. त्यांच्या घरचा नवा पंखा रात्रभर खडखडायचा. त्या रागात त्यांनी त्या जातीच्या सगळ्या पंख्यांचे सगळे गुण शून्यावर आणून ठेवले. ही रीत तेव्हापासूनची.

जोडेवालीच्या शेजारच्या टेबलावर जी बसायची, तिच्याकडे या रीतीमुळे श्रवणयंत्राची फाईल कधी आली नव्हती. तिचे बाबा तिच्याकडे राहायला आले, तेच मुळी कानात मशीन घालून.

बाबा गेल्यावर ती पुन्हा कामावर रुजू झाली, त्याच आठवड्यात साहेब ती फाईल घेऊन तिच्यापाशी आले. "ही आता तुमच्याकडे द्यायला हरकत नाही," ते म्हणाले. बोलून झाल्यावर आपण काय बोललो ते त्यांच्या ध्यानात आलं असावं, कारण त्यांनी उगाचच चष्मा पुसला. तिला राग आला नाही. रीतीप्रमाणे ते बरोबरच होतं.

फाईल सरळ होती. चाकाने आवाज कमी-जास्त करायचं जुनं यंत्र बंद झालं होतं आणि त्याच्या जागी नवं आलं होतं, दुप्पट किमतीचं, आजूबाजूचा गोंगाट आपोआप गाळणारं. काही काळ दोन्ही यंत्रं दुकानात शेजारीशेजारी विकली गेली होती. अशा वेळी कचेरीचा हिशेब ठरलेला: दोन्ही भाव डोळ्यांसमोर असताना लोक महागडं उचलतात, म्हणजे मधला फरक ते गुणांसाठीच मोजतात. सगळा फरक गुणांचा. महागाई शून्य.

"सही ठोक आणि चहाला चल," जोडेवाली शेजारून म्हणाली.

ती चहाला गेली, सही न करता.

महागडं उचलणाऱ्या त्या लोकांत ती स्वतःही होती. बाबांना नवं यंत्र तिनेच आणून दिलं होतं. त्यांनी ते आठवडाभर वापरलं आणि मग डबीत घालून ठेवून दिलं. का, म्हणून तिने विचारलं तर म्हणाले, "यात नुसती माणसंच ऐकू येतात."

"मग चांगलंच की, बाबा."

"माणसं पुष्कळ ऐकून झाली. नळ ठिबकतोय का, ते कळायला नको?"

तिने त्यांना शांतपणे समजावलं होतं की गोंगाट कमी होणं ही सुधारणा धरतात. बाबा हसले होते. "म्हणजे कागदावर मला चांगलं ऐकू यायला लागलं म्हणायचं. कानाला तेवढं कळवायचं राहिलंय."

एका माणसाचा कान म्हणजे बाजार नव्हे, हे तिला कळत होतं. रीत होती ती त्यासाठीच. आता तिने गुणांचा वाटा कापला असता तर ती बाबांची बाजू घेतल्यासारखी झाली असती, आणि पूर्ण मान्य केला असता तर त्यांचं तोंड बंद केल्यासारखं. निःपक्षपाती असा आकडा काही केल्या तिला सापडेना. तिने साहेबांकडून सकाळपर्यंतची मुदत मागून घेतली.

घरी आत्या बाबांच्या खोलीची आवराआवर करत होती. कोट कुणाला, पुस्तकं कुणाला, सगळं तिने ठरवून टाकलं होतं. नवं यंत्र दवाखान्यात देऊ, कुणाच्या तरी उपयोगी पडेल, असं तिचं म्हणणं. जुनं तिने चिमटीत धरून केराच्या पिशवीवर नेलं. "हे कुणालाच बसायचं नाही. दादाच्या कानाचा साचा घेऊन बनवलंय."

"इकडे दे जरा."

तिने ते कानात घातलं. खालच्या बाजूला किंचित सैल, बाकी बसलं.

आत्या बघत राहिली. "कान दादावर गेलेत तुझे," ती म्हणाली. "स्वभावही त्याच्यावर गेला असता तर काय बिघडलं असतं."

तिने चाक फिरवलं. आधी फ्रिज घरघरला. मग आत्याची चप्पल, पिशवीचा कागद, वरच्या मजल्यावर कुणीतरी ओढलेली खुर्ची. आणि या सगळ्याखाली, स्वयंपाकघरातून, थांबून थांबून, नळ. बाबा वर्षभर सांगत होते. ती म्हणायची, नाही हो बाबा, तुमच्या कानातच वाजतंय.

ती नळाचे थेंब मोजत राहिली. आत्याने दोनदा जेवायला बोलावलं, तेव्हा ती दचकली. फार मोठ्याने ऐकू आलं.

सकाळी साहेब खुर्चीत टेकायच्या आत तिने फाईल त्यांच्यासमोर ठेवली. "ही मला नको, सर. वस्तू घरी आहे."

"वापरात?"

"हो."

"कोण वापरतं?"

"मी."

साहेबांची नजर एकदा तिच्या कानाकडे गेली. कानात काहीच नव्हतं. "कशासाठी वापरता, हे विचारायची आपल्याकडे पद्धत नाही," ते म्हणाले, आणि फाईल जोडेवालीच्या टेबलावर गेली. जोडेवालीने कपाळावर हात मारून घेतला. स्वतः दुकानांत फोन लावले. जुना माल संपवायचा म्हणून दुकानदारांनी त्याचा भाव पाडला होता, हे त्यातून निघालं. तेवढा फरक गुणांचा नव्हता. महिन्याचा तक्ता लागला तेव्हा श्रवणयंत्रं थोडी महागलेली दिसली. एकूण निर्देशांक दुसऱ्या दशांशालाही हलला नव्हता.

त्याच संध्याकाळी नळवाला आला. त्याने वायसर बदलला, नळ उघडून बंद करून दाखवला आणि हात पुसत म्हणाला की आता टिपूससुद्धा यायचा नाही.

तिने बाबांचं जुनं मशीन काढून कानात घातलं, चाक वर केलं आणि मोरीपाशी उभी राहिली. नळवाला आत्याकडे पाहू लागला. आत्याने त्याला हातानेच थांब म्हटलं.

"अजून थोडं आवळा," ती म्हणाली.