बांगड्या खऱ्याच फोडल्या

दिपमालाच्या सिनेमांत ना गाणं असायचं ना हिरो, आणि धरणगावच्या एकाही नातेवाइकाने त्यातला एकही शेवटपर्यंत पाहिला नव्हता. "सिरियलमां कधी दिसशी?" एवढंच सगळे विचारायचे. धुळ्याच्या मित्रांनी पदरमोड करून काढलेला नवा सिनेमा मात्र कुणीतरी मोबाइलवर पाठवला, आणि तो नेमका तिच्या भावाच्या, भूषणच्या हळदीच्या सकाळी घरभर फिरला. लोकांना बरोबर मुहूर्त सापडतो!

त्यात ती नवरा गेलेली बाई झाली होती. कॅमेरा जागचा हलत नाही, आणि ती उंबऱ्यावर हात आपटून बांगड्या फोडते. खोटी काच तिला चाललीच नसती. बांगड्या खऱ्या होत्या, रक्तही खरं निघालं. हे तिला कुणी शिकवलं नव्हतं. वडील गेले तेव्हा बायकांनी आईचे हात धरून काय केलं, ते तिने स्वतः पाहिलं होतं.

मांडवात कासार सवाष्णींना हिरव्या बांगड्या भरत होता. दिपमालाने हात पुढे केला, तर बेबाबाईने तो बाजूला सारला. ही तिची फुई, वडिलांची थोरली बहीण.

"नवरा जित्ता शे आन बांगड्या फोड्यात! तू कसानी सवाष्ण? हळद नही लावानी."

दिपमालाचा नवरा योगेंद्र नरडाण्याच्या कारखान्यातून रजा काढून आला होता आणि पाणी वाटत होता. "फुई, मी आठेच शे ना," तो तिच्या समोर येऊन म्हणाला. बायका हसल्या, बेबाबाई हसली नाही.

सगळ्या मांडवाकडे हात करून ती दिपमालाला म्हणाली, "बठ्ठासमोर बोल, हाई काम सोडं म्हनी. मंग भर बांगड्या."

भिकुबाई, दिपमालाची आई, स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. विधवेला मांडवात कोण बोलावतं? "बोली टाक ना बेटा," ती हळूच म्हणाली.

दिपमालाच्या अंगाचा तिळपापड झाला. भावाला हळद लावायची म्हणून ती कधीपासून दिवस मोजत होती. पण हे काम सोडून ती जगणार कशी?

"नही सोडसू. मी खोटी विधवा व्हयनी, ते मन्हा हातनी हळद बाटनी. मन्ही माय, बाप गया तवपाईन, दारआड उभी शे, तिले कोन इचारस?"

कासाराने बांगड्यांवर फडकं टाकलं.

मोकळ्या मनगटांनीच दिपमालाने हळदीची वाटी उचलली आणि आईपुढे धरली. "पहिले तू लाव."

भिकुबाई मागे सरकली. "लोक काय म्हनतीन?" मग तिने पाटावरच्या भूषणकडे पाहिलं. पोराने हळदीसाठी तिच्यापुढे मान वाकवली. भिकुबाईने पदर खोचला, वाटी घेऊन पाटाशी ठेवली, दोन्ही हात तिच्यात बुडवले आणि त्याच्या गालांना, मानेला, खांद्यांना दाबून हळद माखली.

"तू बी बिघडनी, भिकु?" बेबाबाई ओरडली.

"आंडोर मन्हा शे," भिकुबाई पोटच्या पोराच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाली, आणि वाटी उचलून लेकीच्या हातात दिली.