नवव्या मात्रेवरची पऱ्हाटी

संगीत माणसाला मातीतून उचलतं आणि थेट ईश्वरापाशी नेऊन ठेवतं, असं दारव्ह्यातल्या सुनीती मॅडमच्या क्लासच्या भिंतीवर निळ्या अक्षरांत लिहिलं आहे. बापूजीला ते पटत असे. फक्त त्याला उचलायचं झालं तर दोन किलो कांदे आणि फवारणी पंपाचा वॉशर यांच्यासकट उचलावं लागलं असतं, कारण तो बाजाराच्या दिवशीच क्लासला येई.

बापूजी हे त्याचं पाळण्यातलं नाव. पन्नाशी आली तेव्हा कुठं ते त्याला शोभायला लागलं. गावच्या भजनी मंडळाला कुणीतरी निवडणुकीच्या आधी तबल्याची जोडी भेट दिली होती. वाजवणारा काही दिला नाही. दोन वर्षं ती जोडी बापूजीच्या घरी टीव्हीशेजारी बसून मालिका बघत होती. शेवटी त्यानं मंडळासमोर जाहीर केलं, की मी शिकतो, परीक्षा देतो आणि मगच वाजवतो. परीक्षेचं बोलायची काही गरज नव्हती. पण बोलून गेला.

क्लासात बाकीचे सगळे तिसरी-चौथीतले. त्यांचा तीनताल महिन्याभरात बसला. बापूजीचा अडला नवव्या मात्रेवर. सोळा मात्रांत पहिली, पाचवी आणि तेरावी टाळीची, नववी खालीची. तिथं टाळी द्यायची नाही, हात उलटा करून हवेत सोडायचा. बापूजी नेमकी तिथंच सगळ्यात जोरात टाळी देई. हात रिकामा सोडणं त्याच्या हाताला मंजूरच नव्हतं.

"बापूजी, खाली गिळली तुम्ही," मॅडम म्हणत.

"गिळली नाही मॅडम, हातच वळून नाही राह्यला."

"मग वळवा. फॉर्म पंधरा जुलैला जाणार. खाली स्वच्छ दिसली तरच मी सही करणार. नाहीतर पुढच्या वर्षी."

पुढच्या वर्षी म्हणजे मंडळातल्या सगळ्यांना वर्षभर तोंड देणं आलं. बापूजीनं धसका घेतला. म्हशीचं दूध काढताना, दाढी करताना त्याचं धा धिं धिं धा चालू झालं.

अशात कपाशीची, म्हणजे पऱ्हाटीची, लावण आली. मजुरीला बायका मिळेनात, म्हणून एक एकर विजयमालानं टोबायचा, एक बापूजीनं, असं नवरा-बायकोचं ठरलं. दोरीवर खुणा, खुणेपाशी खड्डा, खड्ड्यात दोन बिया. बापूजीला खुणा दिसल्या आणि त्यात मात्रा दिसल्या. प्रत्येक तास, म्हणजे प्रत्येक ओळ, त्यानं पळसाच्या बाजूच्या धुऱ्यापासून, बांधापासून, सुरू केलं. सम, म्हणजे पहिली मात्रा, पळसाकडं. तास संपलं की दुसऱ्या टोकानं सुरू न करता रिकामा चालत पुन्हा पळसापाशी यायचा. विजयमालाचा एकर दीड दिवसात झाला, त्याचा तीन दिवसांत.

"हे बियाणं कसं उरलं जी?" विजयमालानं त्याची पिशवी उचलून पाहिली. "माहं तं सरलं."

"मी हात राखून टोबली," बापूजी म्हणाला. त्याला तसं वाटतही होतं.

आठव्या दिवशी कपाशी उगवली. विजयमालाची धुऱ्यापासून धुऱ्यापर्यंत सलग. बापूजीच्या एकरात आडवे तीन पट्टे कोरे, ओळंब्यात धरल्यासारखे सरळ.

शेजारच्या शेतातला खेमसिंग गाडी थांबवून म्हणाला, "बापूजी, वावरात तीन पांदणी कायले काढल्या बे? कोणाचं लग्न हाय?"

विजयमालाला हसू आलं नाही. तिनं कृषी सहायक धर्मपालला बोलावलं. "बियाणं बोगस हाय. तक्रार लिहून घ्या."

धर्मपाल तासाच्या कडेनं मोजत निघाला. "आठ झाडं, मंग गॅप. पंधरा झाडं, मंग गॅप. पुन्हा पंधरा, पुन्हा गॅप. वहिनी, रानडुक्कर मोजून खात नाही. आन् तुमच्या एकरात हेच बियाणं पूर्ण निघालं."

बापूजी पळसाखाली उभा होता. धर्मपालच्या मोजण्याबरोबर त्याचा हात आपोआप मांडीवर पडत होता. आठ झाडं झाली आणि हात उलटा होऊन हवेत गेला. बापूजीनं त्या हाताकडं पाहिलं. मग त्या कोऱ्या जागेकडं. मग तो हसायला लागला.

"हसून काहून राह्यले?" विजयमाला म्हणाली.

"खाली आली वं! तीन दिवस बराबर आली, अन् मले पत्ताच नाही!"

"काय आली? तिथं काहीच नाही आलं, तेच तं सांगून राह्यली मी!"

त्यानं सगळं सांगितलं: मात्रा मोजत टोबताना दर सोळातल्या नवव्या खुणेवर हात बी न टाकताच उलटा झाला होता. धर्मपालनं पेन टोपणात घातलं. "भाऊ, फॉर्मात खराब बियाणं हाय, पाऊस हाय, वन्यप्राणी हाय. तीनतालाचा रकाना नाही." मग बापूजीच्या आग्रहावरून त्यानं मोटारसायकलच्या सीटवर उभं राहून वावराचा फोटो काढून दिला.

बाजाराच्या दिवशी बापूजीनं मोबाइल मॅडमपुढं ठेवला. मॅडमनी चष्मा वर केला, दोन बोटांनी फोटो मोठा केला आणि पुटपुटत, बोटं आपटत एकेक तास वाचत गेल्या. पोरं भोवती गोळा झाली.

"सतराव्या ओळीत खाली अकराव्यावर पडलीय," मॅडम म्हणाल्या.

"तिथं हिनं चहाले आवाज देल्ला होता."

"चहा आला तरी मात्रा चुकायची नाही." त्यांनी पेन उघडलं आणि फॉर्मवर सही केली. "बाकी एकर शुद्ध आहे. पुढच्या वेळी रूपक ताल घेऊ. त्याची खाली पहिल्याच मात्रेवर असते."

बापूजीनं घरी येऊन फॉर्म दाखवला, तेव्हा विजयमाला उरलेलं बियाणं घेऊन वावरात निघाली होती. सही तिनं नीट पाहिली, घडी घालून परत दिली. "चांगलं झालं," ती म्हणाली आणि जरा हसलीसुद्धा. "पण यापुढं पेरायले मी. तुमी धुऱ्यावर बसून वाजवा."

तिनं दोन दिवसांत तिन्ही पट्टे भरले. ती झाडं शेवटपर्यंत बाकीच्यांपेक्षा वीतभर बुटकी राहिली. बापूजी येणाऱ्या-जाणाऱ्याला पळसापाशी उभं करून ती दाखवी आणि मोजून घेई. खेमसिंगला दोनदा मोजावं लागलं.

डिसेंबरात यवतमाळला परीक्षा झाली. बापूजी इस्त्रीचा सदरा घालून, नखं कापून गेला आणि पास झाला. परीक्षकांनी त्याला तीनताल विचारलाच नाही, दादरा विचारला.