नळाच्या पाळीची घंटा

मी एक जुनी विजेची घंटा आहे. एका उंच इमारतीच्या सातव्या मजल्यावर, नळाच्या वर मला टांगले आहे. अंग पितळेचे आहे, पण पुसायला कोणी नाही, म्हणून काळी पडले आहे.

मित्रांनो, आमच्या शहरात दोन माणसांनी एकत्र उभे राहायला बंदी आहे. माणसे जमली की कुरकुर वाढते, असे वरच्या साहेबांचे मत. म्हणून तर माझा जन्म झाला. मजल्यावर नळ एकच. पहिल्या दारासाठी मी एक ठोका द्यायचे, दुसऱ्यासाठी दोन. ज्याचे ठोके त्यानेच बादली घेऊन यायचे, बाकीच्यांनी कडी लावून बसायचे. साहेबांनी माझे फार कौतुक केले आणि मीही हरभऱ्याच्या झाडावर चढले.

पण कानांना कडी लावता येत नाही, हे साहेबांच्या लक्षात आले नाही. कोणाची बादली गळकी, कोण पाय ओढत चालते, हे दाराआडून सगळ्यांना पाठ झाले होते.

एका सकाळी मी चार ठोके दिले आणि बादली वाजलीच नाही. चौथ्या खोलीत घड्याळे दुरुस्त करणारे काका राहत. मग मी पाच ठोके दिले. पाचव्या खोलीतल्या शिंपीणबाई बाहेर आल्या, पण नळाकडे न जाता काकांच्या दाराशी थांबल्या.

"काका, पाणी नाही का भरायचं आज?"

आतून नुसते कण्हणे ऐकू आले.

"अहो, कोणीतरी या. माझ्या एकटीच्यानं दार हलत नाही."

मग एकेक कडी निघाली. सगळ्यांनी खांदा लावून दार उघडले, काकांना उचलून बसवले, पाणी पाजले.

"एवढी गर्दी बघून वाटलं, गेलोच मी," काका पुटपुटले. सगळे हसले. त्या मजल्यावर हसणे मी पहिल्यांदाच ऐकले, आणि मला फार बरे वाटले.

साहेब रागावले नाहीत. त्यांनी प्रत्येक खोलीत नळ दिला आणि भिंती जाड केल्या. लोक खूश झाले. माझी तार मात्र तोडली. आता दारे उघडतच नाहीत. मला फार एकटे वाटते.

आज सकाळपासून शिंपीणबाईंच्या दाराच्या फटीतून बारीक आवाज येतो आहे, "कोणी आहे का?" शेजारच्या खोल्यांत तो पोहोचत नाही. मला ऐकू येतो, पण ठोका देता येत नाही.

मित्रांनो, तुमच्या शेजारचे दार बरेच दिवस उघडले नसेल, तर उठा आणि ते वाजवा. तुम्हाला हात आहेत.